अप्पांची दुपारची फिल्म

१

डीव्हीडी प्लेअरचा खण बाहेर आला आणि तो रिकामा होता.

अपेक्षानं बटण पुन्हा दाबलं. खण आत गेला, जरा घुटमळला, पुन्हा बाहेर आला. रिकामाच. जीभ काढून दाखवल्यासारखा.

"अव्वा, फिल्म नाही हो आत."

"बघ की नीट." अव्वा म्हणजे तिच्या सासूबाई, महादेवी. दुधात कुस्करलेल्या भाकरीचं ताट मांडीवर घेऊन त्या बसल्या होत्या. त्यांनी मान वर केली नाही. चमच्यानं भाकरी आणखी बारीक करत राहिल्या.

आरामखुर्चीत सोमलिंगअप्पा काळ्या पडद्याकडं बघत होते. पायांवर मोरांची जुनी चादर. बाहेर बाळीवेशीवर चैत्राचं ऊन असं पसरलेलं, की रस्तासुद्धा झोपेत कूस बदलल्यासारखा हलत होता.

अप्पा एके काळी आमदार. त्याहून जास्त ते पडद्यावरचे अप्पा. दूरदर्शनच्या काळ्यापांढऱ्या मुलाखतीत गळ्यातला हार न काढता बसलेले अप्पा. चादरींवरच्या माहितीपटात मागांच्या खडखडाटावर आवाज चढवून बोलणारे अप्पा. पुढं खासगी वाहिन्या आल्या, तेव्हा एका चौकटीत बसून बाकीच्या चौकटींशी भांडणारे अप्पा. आमदारकी गेली, दारातली गर्दी गेली, पण कॅमेरे येत राहिले. अप्पा बोलायला लागले की ऐकणाऱ्याला हात धरून बसवल्यासारखं व्हायचं.

मग आठवण गेली. आधी गावांची नावं, मग माणसांची. मुलाला, नंदीशला, ते "पत्रकार कुठले तुम्ही?" असं विचारू लागले. घास समोर आला की दात घट्ट मिटायचे.

अशाच एका दुपारी अपेक्षानं सहज 'कोरडी वेस' लावली होती. पुण्याच्या एका दिग्दर्शकानं फार वर्षांपूर्वी दुष्काळावर केलेला माहितीपट. तो दिग्दर्शक वारला, मूळ फितींना बुरशी लागली, ही एकच डिस्क उरली. ती लागली आणि अप्पा जेवले. तेव्हापासून रोज तेच. आधी अपेक्षा भरवायची आणि अव्वा आतून पाण्याचा तांब्या आणून ठेवायच्या. आरोही झाली, अपेक्षा वैरागचं माहेरपण उरकून परत आली, आणि ताट अव्वांनी आपल्या हातात घेतलं. "तू लेकराकडं बघ," म्हणाल्या.

रोजचा क्रमही ठरलेला. पडद्यावर अप्पांचं तेव्हाचं अंगण उजळायचं. खुर्चीतले अप्पा पडद्यातल्या अप्पांबरोबर ओठ हलवायचे. अव्वा कधी दूध बघायला, कधी गॅस बंद केला का ते बघायला आत जायच्या आणि तांब्या घेऊन परत यायच्या. मग घास सुरू.

आज पडदा काळा होता.

"आ करा की," अव्वा म्हणाल्या.

अप्पांनी दात मिटले. संध्याकाळीही मिटले. दुसऱ्या दिवशी सकाळी डॉक्टर येऊन गेले. जाताना दारात हळू आवाजात म्हणाले, "असंच चाललं तर ॲडमिट करून नाकातून नळी घालावी लागेल. या वयात एकदा नळी आली, की ती निघणं अवघड असतं."

अपेक्षानं आरोहीला छातीशी धरलं. डिस्क चालत कुठं जात नाही. परवा दुपारी ती खणात होती. कुणीतरी ती नेली होती, आणि नेणारा या घरात सहज येणारा-जाणारा होता.

२

पहिला संशय आला तो नवऱ्याचा. हे तिला कुणाला सांगवलं नसतं.

नंदीश अप्पांचा पक्ष सोडून दुसऱ्या पक्षात गेला होता आणि महापालिकेच्या तिकिटाच्या मागं होता. आणि 'कोरडी वेस'मध्ये अप्पा बोट रोखून म्हणतात, "पक्ष बदलणाराला वेशीत उभं करू नका. पोटचा पोरगा असला तरी."

तेव्हा तो पोटचा पोरगा फिल्ममध्ये सायकलचं चाक फिरवत मागं बसलेला दिसतो.

"अहो, डिस्क तुम्ही काढलीत?"

नंदीश दाढी करत होता. आरशातूनच म्हणाला, "मी?"

"ते वाक्य आहे ना त्यात. तुमच्यावर बेतलेलं."

"आयला! बायको आहेस का विरोधी पक्ष?" मग वस्तरा खाली ठेवून तो वळला. अर्धा गाल साबणातच. "अपेक्षा, ते वाक्य बाहेर पडू नये असं मला वाटतं. खोटं कशाला बोलू? म्हणून तर त्या पुण्याच्या बाईला मी डिस्क द्यायला नाही म्हणालो. पण अप्पा त्या फिल्मवर जेवतात. मी काय बापाचा घास काढून घेईन?"

"पुण्याची बाई?"

"अंकिता. माहितीपट करते की ती. अप्पांवर नवीन काढायचा म्हणते. परवा सकाळी आली होती, तू लसीला गेलतीस आरोहीला घेऊन. लई मागं लागली होती. जाताना म्हणाली, ही फिल्म मी मिळवणारच."

मधल्या खोलीतून आरोहीच्या हसण्याचा आवाज आला. पाळण्यात पडल्या पडल्या ती छताकडं बघून खुदकन हसत होती, हात वर करून काहीतरी पकडत होती. अपेक्षा आत जायला निघाली, तर अव्वा पाळण्यापाशी होत्याच.

"सटवाई हसवती तिला," अव्वा म्हणाल्या. "तू जा की. कामं पडल्यात."

३

अंकितानं दुसऱ्या रिंगला फोन उचलला.

"चोरी? अहो, मीच तुमच्याकडे डिस्क मागायला पुन्हा येणार होते! ती फिल्म कुठेच नाही, इंटरनेटवरसुद्धा नाही. मी अप्पांच्या सगळ्या मुलाखती जमवल्यात. टीव्हीवर ते फार सराईत आहेत हो. कॅमेरा कुठे आहे ते त्यांना न बघता कळतं. त्या एकाच फिल्मच्या सुरुवातीला म्हणे ते क्षणभर कॅमेरा विसरतात. आमच्या सरांनी सांगितलं होतं, ही फिल्म त्यांचीच. मला तेवढंच बघायचं होतं."

"काय करतात, कॅमेरा विसरून?"

"ते सरांनाही सांगता येईना. त्यांना ती भाषा येत नव्हती."

अपेक्षानं फोन ठेवला. अंकिता गेली ती परवा सकाळी, आणि फिल्म परवा दुपारी लागली होती. तेव्हा अंकिता सुटली. पण तिचं शेवटचं वाक्य मनात माशीसारखं फिरत राहिलं.

राहिले सयाजीमामा. मंद्रूपचे, अप्पांच्या जीपचे जुने ड्रायव्हर. परवा संध्याकाळी कलिंगड घेऊन आले होते, प्लेअरशेजारीच बसले होते. आज अप्पा जेवत नाहीत असं कळल्यावर ते धापा टाकत आले.

"मामा, रागावू नका. त्या फिल्ममध्ये अप्पा तुमच्या खांद्यावर हात ठेवून म्हणतात, पुढच्या वर्षी सयाजीच्या रानात पाणी येणार."

"व्हय."

"आलं का?"

"न्हाय." सयाजीमामांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. "आमच्या आळीची पोरं अजून हाक मारत्यात मला, हिरो, पाणी आलं का? नातवाच्या लग्नात बी इचारलं की. वरातीत!"

"मग ती फिल्म नकोशी वाटत असेल."

"वाटती की. पन वैनीसाब, लबाडी न्हवती त्यात. मी जीप चालवायचो. ह्या मानसानं त्या पाण्यासाटी मुंबईच्या किती चकरा मारल्या ते मला ठावं हाय. आणि ती फिल्म टीव्हीवर लागली, तवा शेजाऱ्याच्या मशिनीवर मीच भरून घेतली न्हवं? ती दुसरी डिस्क? तीत बी माझ्या खांद्यावर हात हायच."

"दुसरी डिस्क?"

"वाहिनीनं कापून बारकी केलेली. हितंच आसंल की कुटंतरी."

४

ती बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात होती. अगदी वर. पाकिटावर नंदीशच्या अक्षरात 'कोरडी वेस – छोटी'.

"आयला, ही लावायचं सुचलंच नाही मला," नंदीश म्हणाला. दुपारची वेळ होती. तिनं डिस्क लावली, अव्वांनी ताट घेतलं. दाराशी नंदीश, उंबऱ्यावर सयाजीमामा.

पडद्यावर अप्पा. केस काळे, आवाज घंटेसारखा. "बघा साहेब, तहान माणसाला लागते असं तुम्ही समजता. तहान गावाला लागते." सायकलचं चाक फिरलं. बोट रोखलं गेलं. नंदीशनं मान खाली घातली. सयाजीमामांच्या खांद्यावर हात पडला.

सगळं होतं. शब्दन् शब्द तोच होता.

अप्पा पडद्याकडं बघतच नव्हते. ते मधल्या खोलीच्या दाराकडं बघत होते. फिल्म संपेपर्यंत. त्या दारात कुणी नव्हतं.

"आ करा की," अव्वा म्हणाल्या. आज त्या एकदाही जागच्या उठल्या नव्हत्या. चमचा तसाच अधांतरी राहिला, आणि मग अव्वांच्या डोळ्यातून एक थेंब ताटात पडला. त्या लगबगीनं परसात निघून गेल्या.

"ॲम्ब्युलन्स सांगू का?" नंदीश म्हणाला.

"थोडं थांबा," अपेक्षा म्हणाली. "फक्त थोडं."

ती मधल्या खोलीत पाळण्यापाशी येऊन बसली. मन एका जागी ठेवायला तिला पाळण्याची दोरी पुरायची. झोका जाई, येई, आणि गुंता आपोआप सुटत जाई.

ज्याला बोट रोखलेलं पुसायचं होतं, त्यानं छोटी डिस्कही नेली असती. नंदीशला ती कुठं आहे हे ठाऊक होतं, पाकिटावर अक्षरच त्याचं. ज्याला खांद्यावरचा हात पुसायचा होता त्यालाही ठाऊक होतं, ती भरून घेतलेलीच त्यानं. तरी छोटी जागेवर, आणि मोठीच गेली. म्हणजे चोराला नको होतं ते छोटीत नव्हतंच. वाहिनीनं कापलेल्या तुकड्यात ते होतं.

काय कापलं होतं वाहिनीनं?

अपेक्षानं डोळे मिटले. मोठी फिल्म तिनं इतक्या दुपारी पाहिली होती, की ती पापण्यांच्या आत सुरू झाली. अंगण. बाजेवर अप्पा. दारातून एक हिरवा पदर येतो. हात दिसतो, बांगड्या दिसतात, पाहुण्यांसाठी तांब्या खाली ठेवला जातो. चेहरा चौकटीच्या बाहेर. पदर क्षणभर तिथंच रेंगाळतो. अप्पा मान वळवून दोन शब्द बोलतात, कन्नडात, त्या घरच्या जुन्या भाषेत. पदर निघून जातो. अप्पा पुन्हा कॅमेऱ्याकडं वळतात आणि मराठीत म्हणतात, "बघा साहेब..."

ते दोन शब्द तिनं रोज ऐकले होते. खुर्चीतले अप्पाही ते पडद्याबरोबर पुटपुटायचे. वैरागकडं कन्नड कुणी बोलत नाही. तिला वाटायचं, पाणी ठेव असं काही असेल. तो पुण्याचा दिग्दर्शकही असाच फसला असणार. शब्द कळले नाहीत, म्हणून त्यानं ते राहू दिले.

"मामा," तिनं उंबऱ्यापाशी येऊन विचारलं, "वळगं होगु म्हणजे काय हो?"

सयाजीमामांनी आधी नंदीशकडं पाहिलं. नंदीश खिडकीबाहेर बघू लागला.

"आत जा," सयाजीमामा म्हणाले. "बाईमानूस क्यामेऱ्यात नको म्हनून... तवा तसंच हुतं, वैनीसाब."

आणि अपेक्षाला अव्वांचं ते दूध आठवलं. रोज ऐन त्याच वेळी बघायला लागायचं ते दूध.

५

पाळण्यात आरोही पुन्हा हसली. या वेळी अपेक्षानं वर पाहिलं.

छतावर इंद्रधनुष्याचा एक तुकडा नाचत होता. वाऱ्याबरोबर लांबायचा, आखडायचा, पंख्याच्या पात्यावरून उडी मारून पलीकडं जायचा. हा रंग या घरात आधी नव्हता. उन्हाची तिरीप परसाच्या खिडकीतून येत होती.

परसात बाजेवर उडदाचे पापड वाळत होते. वर तारेला, चिमण्या-कावळ्यांना बुजवायला, दोरा ओवून एक डिस्क टांगलेली होती. ऊन तिच्यावर पडून घरात शिरत होतं. सगळ्यांच्या डोळ्यांसमोर होती ती, आणि एका तान्ह्या पोरीशिवाय कुणी पाहिली नव्हती.

बाजेच्या कडेला अव्वा बसल्या होत्या.

"सापडली न्हवं?" त्या म्हणाल्या.

अपेक्षा शेजारी बसली. दोघी त्या फिरणाऱ्या चकतीकडं बघत राहिल्या.

"मला काय म्हाईत, मानूस एका पिच्चरसाठी जेवन टाकंल," अव्वा म्हणाल्या. "मला वाटलं, दुसरी लावशील तू. मग डॉक्टर नळी म्हनला आन् माझी वाचाच बसली. कसं सांगू? काय म्हनून सांगू?"

"त्या शब्दांमुळं ना?"

"लगीन हून आले तवापासनं क्यामेरा आला की आत. पेपरवाला आला की आत. मंत्री आला, च्या ठिवायचा आन् आत. मला राग न्हवता ग. तवा समद्याच जात हुत्या. पन आता? घास हातात धरून बसलेय मी, आन् टीव्हीसंगट हे बी माझ्याकडं बघून म्हनत्यात, वळगं होगु. रोज. आन् मी उठते बघ! कुनी हितं न्हाई, पाहुना न्हाई, क्यामेरा न्हाई, तरी पाय आपोआप उठत्यात. मला ह्यांचा न्हाई, माझ्या पायांचा राग आला."

"मग फेकून का नाही दिलीत?"

अव्वांनी पदर तोंडाला लावला. "फेकवंना. त्यात मी हाय की. एवढ्या टीव्हीत दिसले हे, एवढ्या पिच्चरमधी, त्यात मी तेवढी त्या एका ठिकानी हाय. पदर का असंना."

अपेक्षानं हात वर करून डिस्क थांबवली. वाऱ्यानं ती खिडकीच्या गजांवर आपटत राहिली होती. पाठीवर चरेच चरे उठले होते. ही आता कुठल्याच मशिनीत लागणार नव्हती. अव्वांनीही त्या चऱ्यांवरून बोट फिरवलं.

"आता काय करायचं ग?"

"अव्वा, एक सांगू? ते फिल्म बघून जेवत नव्हते."

"मला बनवू नको."

"नाही बनवत. आज छोटी लावली, तीत तेच अप्पा, तेच भाषण. तरी जेवले नाहीत. आज दोनच गोष्टी नव्हत्या. फिल्ममध्ये तो पदर नव्हता, आणि तुम्ही आत गेला नाहीत. अप्पा पूर्ण वेळ दाराकडं बघत होते. रोज तुम्ही तांब्या घेऊन त्या दारातून परत यायचात, तेव्हा ते तोंड उघडायचे. मी पाळणा हलवत रोज बघायचे, पण मला वाटायचं फिल्म चालतीय म्हणून." ती थांबली. "आत जा म्हणाले, ते म्हणालेच. ते चुकीचंच होतं. पण त्यानंतर ते वाट बघतात, अव्वा. ते फिल्ममध्ये कुणाला दिसलं नाही."

अव्वांनी एक पापड उगाचच उलटा करून ठेवला.

६

टीव्ही बंद होता. पडदे ओढून खोलीत हिरवट अंधार केला होता, पाण्याखाली बसल्यासारखा. नंदीश भिंतीला टेकून उभा, हातात फोन, नंबर काढून ठेवलेला. सयाजीमामा उंबऱ्यावर. आरोही अपेक्षाच्या खांद्यावर पेंगत होती.

अप्पा दाराकडं बघत होते.

आतून बांगड्या वाजल्या. अव्वा तांब्या घेऊन दारात आल्या. साधंच रोजचं लुगडं, डोक्यावरून पदर. त्यांनी तांब्या खाली ठेवला आणि चौकटीला हात लावून उभ्या राहिल्या, अगदी फिल्ममधल्यासारख्या. फक्त आज चेहरा दिसत होता.

अप्पांचे ओठ हलले. अव्वांची पावलं जमिनीवर घट्ट रोवलेली तिला दिसली. या वेळी ती उठायची नव्हती.

"बा," अप्पा म्हणाले. आवाज खोल विहिरीतून आल्यासारखा. "बा. इल्ले कुंद्रु."

अपेक्षानं नंदीशकडं पाहिलं. त्यानं फोन खिशात टाकला होता.

"ये, इथं बस, म्हणालेत," तो कसाबसा बोलला.

अव्वा आल्या. खुर्चीसमोरच्या पाटावर बसल्या, ताट ओढून घेतलं. अप्पांनी त्यांच्याकडं खूप वेळ पाहिलं. मग मान वळवून उंबऱ्यावरच्या सयाजीमामांकडं बोट केलं, आणि मोठ्या मुलाखतींत असायचा त्या जुन्या दमदार आवाजात मराठीत म्हणाले,

"अहो, तुम्ही. कॅमेरा हिकडं घ्या. बाईंवर."

सयाजीमामा हातातली टोपी तशीच धरून, जणू ती वजनदार असावी, हळूहळू अव्वांच्या दिशेनं वळवू लागले.

अव्वांनी पदर सारखा केला. मग हसू दाबत चमचा पुढं केला.

"क्यामेरा ऱ्हाऊ दे. आधी आ करा."

अप्पांनी आ केला.